कृत्तिकांची मोटार आणि तिची खरेदी



मार्गशीर्ष महिन्यांत रात्रींचीं जेवणें आटोपल्यावर गच्चीवर उभें राहून पूर्वेकडे दृष्टि टाकली, तर ताऱ्यांचा एक लहानसा पुंजका नजरेस पडतो. आपण त्यास कृत्तिका म्हणतों. साध्या डोळ्यांना त्यांत बहुधा सहा तारे मोजतां येतात, आणि कार्तिकेयाचें संगोपन करणाऱ्या मातांची संख्याही आपल्या पुराणांत सहाच सांगितली आहे. ह्याच पुंजक्याला जपानी भाषेंत ‘सुबारू’ असें नांव आहे. आज ज्या मोटारीविषयीं मी आपणांशीं बोलणार आहें, तिच्या तोंडावर हेच सहा तारे एका लंबवर्तुळांत जडविलेले असतात. एक मोठा आणि पांच लहान. दुसऱ्या महायुद्धांत नाकाजिमा नांवाची कंपनी जपानसाठीं लढाऊ विमानें बांधीत असे. युद्धानंतर तिचे तुकडे करण्यांत आले. पुढें १९५३ सालीं त्या तुकड्यांपैकीं पांच एकत्र आले आणि फूजी हेवी इंडस्ट्रीज ही मोठी कंपनी उभी राहिली. तिच्या मोटारींना सुबारू हें नांव मिळालें, आणि २०१७ पासून कंपनीनेंही तेंच नांव धारण केलें आहे.

मोटारींविषयीं बोलण्याचा माझा अधिकार काय, असा प्रश्न आपल्या मनांत येणें स्वाभाविक आहे. अधिकार कांहींच नाहीं. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला मनुष्य. उभा जन्म शाळेंत गणित आणि भूगोल शिकविण्यांत गेला, आणि स्वतःच्या मालकीचें वाहन म्हणाल तर एक सायकल. परंतु आमचे चिरंजीव इंग्लंडांत लीड्सजवळ नोकरीस असतात, आणि गेल्या वर्षीं त्यांच्याकडे माझा सहा महिने मुक्काम होता. त्या मुक्कामांत ह्या मोटारीनें आमच्या घरांत जो खल माजविला, त्यांतून मला जें शिकावें लागलें, तेंच आज मी आपणांसमोर ठेवीत आहें.

ह्या गोष्टीचें मूळ बरेंच जुनें आहे. १९९९ च्या सुमारास मुलगा सहावींत असतांना शेजाऱ्यांकडे नवा संगणक आला. त्यावर ‘कॉलिन मॅक्रे रॅली’ नांवाचा, १९९८ सालीं निघालेला एक खेळ होता. संध्याकाळ झाली कीं हा तिकडे. एके दिवशीं मी हाताला धरून ओढीत आणला, तेव्हां तो रडकुंडीला येऊन म्हणाला, “बाबा, ही गाडी खोटी नाहीं, खरोखरीची आहे. ती दुकानांत विकत मिळते!” मीं त्यास अपूर्णांकांची उजळणी करावयास बसविलें. परंतु तो बोलला तें अक्षरशः खरें होतें, आणि त्यांतच ह्या मोटारीचें सगळें वैशिष्ट्य सांठविलेलें आहे, हें मला पंचवीस वर्षांनीं कळलें.

रॅली म्हणजे गोल मैदानांतील घोड्यांसारखी एकत्र शर्यत नव्हे. डोंगरांतील, जंगलांतील, कधीं खडीच्या, कधीं बर्फाच्या रस्त्यांचे तुकडे वाहतुकीस बंद करून तेथें एकामागून एक अशा गाड्या सोडतात. प्रत्येकीची झुंज घड्याळाशीं. चालकाच्या शेजारीं एक सहकारी बसलेला असतो व तो पुढील वळणांचें टिपण मोठ्यानें वाचीत जातो. आपल्याकडे नाशिकच्या परिसरांत अशा रॅली झालेल्या आहेत, तेव्हां कांहीं श्रोत्यांनीं हा प्रकार प्रत्यक्ष पाहिलाही असेल.

आतां ह्या खेळाचा एक नियम मन लावून ऐकावा, कारण पुढील सारें त्यावर अवलंबून आहे. कंपनीनें वाटेल तशी राक्षसी गाडी बनवून शर्यतींत उतरवावी, असें चालत नसे. तशीच गाडी तिनें सामान्य गिऱ्हाइकांसाठीं ठराविक संख्येनें बनविली पाहिजे, अशी अट होती. १९८२ ते १९८६ ह्या काळांत ‘ग्रूप बी’ ह्या वर्गांत ही संख्या अवघी २०० होती. एवढ्या थोड्या गाड्या कोणीही बनवूं शकतो. त्यामुळें त्या गाड्या भयंकर वेगवान आणि तितक्याच जीवघेण्या झाल्या. १९८६ सालीं पोर्तुगालमध्यें गाडी गर्दींत घुसून प्रेक्षक मृत्यू पावले, आणि त्याच वर्षीं कॉर्सिका बेटावर हेन्री टॉयव्होनेन हा फिनलंडचा तरुण चालक सहकाऱ्यासह जळून मेला. तेव्हां तो वर्ग बंद झाला आणि १९८७ पासून ‘ग्रूप ए’ हा वर्ग मुख्य ठरला. त्यांत एका वर्षांत ५,००० गाड्या बनविण्याची अट होती. १९९३ पासून ती २,५०० वर आली.

आपण कंपनीच्या मालकाच्या जागीं आहोंत अशी कल्पना करा. रॅली जिंकावयाची असेल, तर चारही चाकांना जोर देणारी, दाबानें हवा भरणारें इंजिन असलेली गाडी आधीं बाजारांत आणावयाची, आणि ती हजारों लोकांनीं विकत घ्यावी इतकी सोयीची व स्वस्त ठेवावयाची! युरोपांतील पुष्कळ कंपन्यांना हें गणित जमेना. जपानी कंपन्यांना तें साधलें. टोयोटाची सेलिका जीटी-फोर, मित्सुबिशीची लान्सर एव्होल्यूशन आणि सुबारूची इम्प्रेझा ह्या तिन्ही त्या नियमाच्या पोटीं जन्मल्या. सेलिकेवर १९९५ सालीं नियमभंगाचा ठपका येऊन टोयोटाला वर्षभर बाहेर बसावें लागलें, ती निराळीच कथा आहे. मी आज इम्प्रेझेपुरतेंच बोलतों.

इम्प्रेझा १९९२ च्या अखेरीस जपानांत विक्रीस आली. चार दारें, पांच माणसें बसण्याची जागा, मागें सामानाची पेटी. पाहिली तर एखाद्या कारकुनाची गाडी वाटावी. परंतु बॉनेट उचलल्यावर निराळाच प्रकार. नेहमींच्या इंजिनांत दट्टे उभे वर-खालीं होतात. ह्या इंजिनांत ते आडवे, दोन डावीकडे आणि दोन उजवीकडे, एकमेकांकडे पाठ करून हलतात. दोन मल्लांनीं विरुद्ध दिशांना ठोसे मारावे तसें. म्हणूनच त्यास बॉक्सर इंजिन म्हणतात. सुबारू १९६६ पासून तें वापरीत आहे. त्याचा फायदा असा कीं, इंजिनाचा भार जमिनीलगत राहतो. उभा तांब्या जरा धक्का लागला कीं कलंडतो. परात कलंडत नाहीं. वळणावर हा परातीचा गुण उपयोगीं पडतो.

दुसरी गोष्ट टर्बोची. इंजिनांतून बाहेर पडणारा जळका वायु वाया न घालवितां त्यावर एक लहानसें चक्र फिरवितात, आणि त्या चक्राच्या जोरानें बाहेरची हवा इंजिनांत कोंबतात. लोहाराचा भाता त्याच्याच भट्टीच्या धुरानें चालावा, तसा हा प्रकार आहे. तिसरी गोष्ट म्हणजे चारही चाकांना मिळणारा जोर. चिखलांत रुतलेल्या गाडीला दोघांनीं मागून रेटण्यापेक्षां चौघांनीं चार बाजूंनीं हात लावला तर ती लवकर निघते, हें कोणाही खेडुताला ठाऊक आहे. सुमारें १,२०० किलो वजनाच्या ह्या गाडीला इंग्लंडांत विकलेल्या नमुन्यांत २०० च्या वर अश्वशक्ति होती, आणि जपानांत विकलेल्या सर्वांत तेज नमुन्यांत पुढें ती २८० पर्यंत गेली.

रॅलीच्या गाड्या मात्र जपानांत तयार होत नसत. इंग्लंडांत बॅनबरी येथें प्रोड्राइव्ह नांवाची संस्था आहे, ती त्या सजवीत असे. निळा रंग, त्यावर ५५५ ह्या सिगारेटचे पिवळे आंकडे, आणि सोनेरी चाकें. १९९५ सालच्या जागतिक स्पर्धेंत शेवटची रॅली उरली, तेव्हां सुबारूचेच दोन चालक, स्पेनचा कार्लोस साइन्झ आणि स्कॉटलंडचा कॉलिन मॅक्रे, प्रत्येकीं ७० गुणांवर बरोबरींत होते. त्याआधींच्या स्पेनमधील रॅलींत मॅक्रे पुढें असतांही संघाच्या हुकुमामुळें त्यास विजय साइन्झला सोडावा लागला होता. तो राग मनांत धरून तो इंग्लंडच्या रॅलींत उतरला. उत्तरेकडील कील्डरच्या जंगलांत त्याचें चाक फुटलें, वेळ गेला. तरी त्यानें अंतर भरून काढलें आणि ३६ सेकंदांनीं साइन्झला मागें टाकलें. ब्रिटिश चालकाला हें जागतिक अजिंक्यपद तेव्हां प्रथमच मिळालें. मॅक्रेचें वय २७ वर्षांचें होतें. सुबारूनें १९९५, १९९६ आणि १९९७ अशीं सलग तीन वर्षें कंपन्यांचें अजिंक्यपदही मिळविलें.

ह्या वीरांचा शेवट चटका लावणारा आहे. रिचर्ड बर्न्स २००१ च्या नोव्हेंबरच्या २५ तारखेस सुबारूमधून जगज्जेता झाला, आणि बरोबर चार वर्षांनीं त्याच तारखेस मेंदूंतील गांठीनें वारला. वय अवघें ३४. मॅक्रे २००७ सालीं आपल्या घराजवळ हेलिकॉप्टरच्या अपघातांत गेला. बरोबर त्याचा पांच वर्षांचा मुलगाही होता. २००८ च्या डिसेंबरांत सुबारूनें जागतिक रॅलींतून अंग काढून घेतलें. त्याच्या पुष्कळ आधीं, १९९७ पासून, नियमही सैल झाले होते. रॅलीची गाडी आणि दुकानांतील गाडी ह्यांचें रक्ताचें नातें तेव्हांपासून पातळ होत गेलें. म्हणूनच १९९२ ते २००० ह्या काळांतील पहिल्या पिढीच्या इम्प्रेझेला इंग्लंडांतील लोक ‘क्लासिक’ म्हणतात आणि तिच्या मागें लागतात. आमचे चिरंजीवही त्यांतलेच.

येथून माझ्या कथेंतील गृहकलह सुरू होतो. मुलानें ह्या गाडीसाठीं दहा हजार पौंड बाजूस ठेवले होते. सूनबाईंच्या मतें ते पैसे घराच्या पहिल्या हप्त्याचे होते. दोघांनींही मला पंच नेमलें. मीं निवाडा दिला तो असा: पैसा घालवावयाचाच असेल तर निदान फसून घालवूं नये, आणि ज्या गाडींत नातीला बसवावयाचें, ती प्रथम पोलादाच्या बाजूनें तपासावी, रंगाच्या बाजूनें नव्हे.

पहिली गाडी आम्ही पाहिली ती हुबेहूब रॅलीच्या वेषांतील. निळा झळझळीत रंग, सोनेरी चाकें, मागें उंच पंख. जपानहून आणलेली. मुलाचा चेहरा सहावींतल्यासारखा झाला आणि त्याचा हात खिशाकडे गेला. विकणारा गोड बोलत होता. गाडी अवघी ७० हजार मैल चाललेली आहे, असें त्याचें म्हणणें.

इंग्लंडांत एक फार चांगली सोय आहे. तीन वर्षांहून जुन्या मोटारीची दरवर्षीं सक्तीनें तपासणी होते, आणि तिचा निकाल सरकारच्या संकेतस्थळावर गाडीचा क्रमांक घालून कोणासही फुकट पाहतां येतो. २००५ नंतरच्या बहुतेक तपासण्या, त्या वेळचा मैलांचा आंकडा आणि तपासनिसाचा शेरा, सर्व त्यांत असतें. हें तर मोटारीचें प्रगतिपुस्तकच झालें! प्रगतिपुस्तकांत वडिलांची सही खोटी केलेली मीं आयुष्यभर ओळखली, तेव्हां मी तें उघडून वाचूं लागलों. २०१३ सालीं आंकडा होता १,२१,४००. पुढल्या वर्षीं ६१,२००. विकणारा हंसून म्हणाला, आधींचा आंकडा किलोमीटरांचा आहे, नंतर घड्याळ मैलांचें बसविलें. जपानी गाड्यांच्या बाबतींत असें होतें हें खरें आहे, आणि तेवढ्यावर कोणास चोर म्हणूं नये. परंतु एका मैलाचे १.६०९ किलोमीटर. १,२१,४०० ला त्यानें भागिलें असतां ७५ हजार ४५० मैल येतात. गाडी वर्षभर जागची हालली नसती तरी घड्याळानें तेवढें दाखवावयास हवें होतें. मग तें ६१ हजारांवर कसें आलें? ह्यावर त्या गृहस्थांस एकाएकी फोन आला.

त्याच पुस्तकांत आणखी एक गोष्ट होती. लागोपाठ तीन वर्षें ‘मागील भागास गंज’ असा शेरा, आणि चौथ्या वर्षीं शेरा नाहींसा. गंज आपोआप बरा होत नाहीं. गाडीखालीं वाकून पाहिलें तों सर्वत्र डांबरासारखा काळा लेप नुकताच फांसलेला. मीं बरोबर एक लहानसें लोहचुंबक नेलें होतें. रंगाला चरा पडूं नये म्हणून रुमालांत गुंडाळून मागच्या चाकांच्या कमानीवर फिरविलें. पुढच्या दारावर तें चिकटे, मागच्या कमानीवरून मात्र वाळल्या पानासारखें गळून पडे. आंत पोलाद नव्हे, पुट्टी भरली होती. आम्ही नमस्कार करून निघालों. परततांना सबंध वाट मुलगा एक अक्षर बोलला नाहीं.

ह्या गाडीचा मुख्य शत्रु गंज आहे, हें तेव्हां कळलें. इंग्लंडांत हिवाळ्यांत बर्फ वितळावें म्हणून रस्त्यांवर मीठ टाकतात, आणि तें गाडीच्या पोटाला खातें. मागील चाकांच्या कमानी, दारांखालच्या पट्ट्या, मागील धक्काशोषक वर जेथें बसतो ती जागा, आणि समोरच्या कांचेची बुडाकडील कड, हीं ठिकाणें आधीं पाहावीं. कमानीचा गंज बाहेरून दिसतो तेव्हां आंत तो दुप्पट असतो असें जोडकाम करणारे सांगतात, आणि तें खरें असल्याचा अनुभव आम्हांला पुढें आला.

इंजिनाची परीक्षा त्याहून नाजूक. गाडी पाहावयास जातांना मालकाला आधींच कळवावें कीं, इंजिन थंड ठेवा. आपण पोंचण्यापूर्वीं तें तापविलेलें आढळलें तर संशय धरावा. थंड असतां सुरू केल्यावर हलकी टकटक ऐकूं येऊन तापल्यावर ती विरली, तर ती बहुधा दट्ट्याच्या सैलपणाची असते व तिचें फारसें भय नाहीं. परंतु इंजिन तापल्यावरही खोल, जड ठोका ऐकूं येत राहिला आणि वेग वाढवितांच तो वाढला, तर आंतील बेअरिंग खलास होत आलें आहे असें समजावें; त्या गाडीला नवें इंजिनच लागेल. तेल वेळेवर न बदलल्यानें किंवा कमी पडल्यानें हें होतें. दुसरा धोका इंजिनांतील पट्ट्याचा. तो सुमारें ४५ हजार मैलांनीं बदलावा लागतो. तुटला तर झडपा आणि दट्टे एकमेकांवर आदळून इंजिनाचा चुराडा होतो. ‘बदलला आहे’ हें तोंडी सांगणें ऐकूं नये, पावती मागावी.

पांच गिअरांची पेटी ही ह्या गाडीची दुबळी बाजू. तिसऱ्या गिअरांत खरखर येते का, तें चालवून पाहावें. चारही टायर एकाच जातीचे आणि सारखेच झिजलेले असावे. कारण चाकांचा घेर कमीजास्त झाला तर मधली यंत्रणा सतत ओढली जाऊन झिजते. विक्रेत्यानें दोन नवे आणि दोन जुने टायर बसविलेले दिसले, तर त्याला गाडी कळत नाहीं किंवा आपल्याला कळत नाहीं असें तो समजतो.

जपानहून आलेल्या गाड्यांबद्दल दोन शब्द. त्यांचें इंजिन जपानांतील १०० ऑक्टेनच्या पेट्रोलला अनुरूप केलेलें असतें. इंग्लंडांत साधें पेट्रोल ९५ चें आणि भारी ९७ ते ९९ चें मिळतें. अशा गाडींत साधें पेट्रोल घालून जोरांत हांकली, तर दट्ट्यांना धोका. त्या गाड्यांबरोबर जपानांतील लिलावाचा मूळ कागद मिळाला तर तो सोन्यासारखा जपावा. त्यावर गाडीचें चित्र काढून कोठें ओरखडा, कोठें पोचा, कोठें दुरुस्ती, हें खुणांनीं दाखविलेलें असतें. शिवाय गाडी पूर्वीं अपघातांत सांपडून विमा कंपनीनें बाद ठरविलेली आहे काय, हें थोडे पैसे भरून कळूं शकतें; ते पैसे वांचवूं नयेत.

सोंगें फार निघालीं आहेत हेंही ध्यानांत ठेवलें पाहिजे. त्याचें कारण किमती. साधी टर्बो दहा हजार पौंडांच्या आसपास बऱ्या स्थितींत सांपडते. प्रोड्राइव्हनें २००० सालीं इंग्लंडसाठीं १,००० दोनदारी गाड्या ‘पी-वन’ नांवानें काढल्या. त्यांना तिच्या कित्येक पट पडतात. आणि १९९८ ची ‘२२बी’, जिच्या जपानसाठीं केवळ ४०० काढल्या, ती एक लाख पौंडांच्या वर जाते. मग साध्या गाडीला रुंद कमानी चिकटवून लोक तिला २२बी म्हणून मिरवितात. म्हणून बॉनेटखालच्या पत्र्यावर कोरलेला क्रमांक, कागदावरील क्रमांक आणि नमुन्याची पट्टी हीं तिन्ही जुळवून पाहावीं.

२२बी ह्या नांवाविषयीं एक गंमत गणिताच्या शिक्षकाला सांगितल्यावांचून राहवत नाहीं. संगणकाच्या क्षेत्रांत सोळाच्या पटीनें आंकडे मोजण्याची रीत आहे; तींत दहाला ए, अकराला बी असें लिहितात. त्या रीतीनें २२बी म्हणजे दोन वेळां २५६, अधिक दोन वेळां १६, अधिक ११. बेरीज करा: ५५५! निळ्या गाडीवरचा तोच आंकडा. हा योगायोग कीं कोणा मिस्किल कारागिराचा हेतु, तें आपणच ठरवा. नातीला मीं हें बोटांवर करून दाखविलें, तेव्हां तिचा बाप पहिल्याच वेळीं माझ्याकडे आदरानें पाहत होता.

आपल्या देशांत ही गाडी आणतां येईल काय, असें कोणी विचारील. उत्पादनापासून तीन वर्षांहून जुनी वापरलेली मोटार आयात करण्यास येथें परवानगी नाहीं, तेव्हां पंचवीस-तीस वर्षांच्या इम्प्रेझेची आशा सोडावी. परंतु इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड अशा देशांत आपलीं मुलें आज मोठ्या संख्येनें आहेत, आणि तेथें ह्या गाड्या रस्त्यांवर दिसतात. अमेरिकेंत पंचवीस वर्षें पुरी झाल्यावर परकी गाडी आणण्यास मोकळीक मिळते. १९९८ च्या गाड्यांची ती मुदत २०२३ सालीं भरली. लंडनांत राहणारांनीं मात्र एक खर्च धरावा: २०२३ च्या ऑगस्टपासून सबंध शहरांत अशा जुन्या पेट्रोल गाडीला चालविल्या दिवसाचे साडेबारा पौंड भरावे लागतात.

शेवटीं आम्हीं गाडी घेतली ती १९९९ ची, इंग्लंडांतच विकलेली, गडद हिरव्या रंगाची, जिच्याकडे रस्त्यांत कोणी वळून पाहणार नाहीं अशी. मालक एक निवृत्त पोस्टमन होते. त्यांनीं बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यांत पंचवीस वर्षांच्या पावत्या तारीखवार लावून ठेवल्या होत्या. तेल दर पांच हजार मैलांनीं, पट्टा तीनदा बदललेला, टायर चारही एकदम. मागच्या डाव्या कमानीवर गंजाचा फोड होता, आणि तो त्यांनीं आम्हीं विचारण्यापूर्वींच बोटानें दाखविला. इंजिन थंड होतें. सुरू केल्यावर क्षणभर टकटक झाली, मग ती विरली आणि बॉक्सर इंजिनाचा तो प्रसिद्ध घुमारा सुरू झाला. नगारा दूर देवळांत वाजावा तसा. किंमत ठरली ८,५०० पौंड. सूनबाईंनीं अट घातली: उरलेले १,५०० गंजाकरितां राखावयाचे, आणि जोडकाम पुरें होईपर्यंत मागच्या बाकावर मुलीला बसवावयाचें नाहीं. अट मान्य झाली.

मी परत आल्यावर गाडी जोडकामाला गेली. डावी कमान उघडली तेव्हां आंतील पत्रा हातानें तुटत होता. उजवी तशी बरी निघाली. खर्च १,५०० च्या ऐवजीं १,९०० झाला, आणि वरचे ४०० कोणी द्यावे ह्यावर पुन्हां माझ्याकडे दाद मागण्यांत आली; ते मीं माझ्या निवृत्तिवेतनांतून पाठविले. गेल्या रविवारीं मुलानें दूरध्वनि इंजिनाजवळ धरून मला तो घुमारा ऐकविला. मागून नातीचा आवाज येत होता. आजोबा, माझी खुर्ची मागें बसली, असें ती ओरडून सांगत होती.